तुम्ही विचारलेत म्हणून: बेडूक खरोखर उडतो का?

पावसाळ्यात आंबोलीला माझ्याबरोबर रात्री जंगलात येणारे लोक पहिल्या तासाभरात दोन प्रश्न हमखास विचारतात: हा बेडूक खरोखर उडतो का, आणि तुम्ही त्याला उडताना पाहिले आहे का. पहिल्याचे माझे उत्तर ‘नाही’ असे असते आणि दुसऱ्याचे ‘दोनदा’. ही दोन उत्तरे लागोपाठ ऐकली की विचारणारा गोंधळतो, म्हणून एकदा सविस्तर लिहितो.

आंबोलीत ज्याला पाहायला लोक येतात तो मलबारी उडता बेडूक. प्राणिशास्त्रज्ञ थॉमस जर्डन याने १८७० साली त्याचे वर्णन केले. त्याचे शास्त्रीय नाव राकोफोरस मलबारिकस. राकोफोरस म्हणजे ग्रीकमध्ये ‘चिंध्या वागवणारा’. बेडूक पाय पोटाशी घेऊन पानावर बसलेला असतो तेव्हा हे नाव मुळीच पटत नाही, कारण विजेरीच्या उजेडात दिसतो तो केवळ एक हिरवागार गोळा, आणि तोही डोळे उघडे नसतील तर पानाचाच भाग वाटावा असा. मात्र शेजारच्या फांदीवर जाण्यासाठी त्याने मागचा पाय लांबवला, की मिटलेली छत्री उघडावी तसा बोटांमधला नारिंगी-तांबडा पडदा ताणला जातो. बोटांच्या टोकांवरच्या चपट्या चकत्या तेवढ्यात पुढच्या ओल्या पानाला चिकटलेल्या असतात, आणि मग सगळा रंग पुन्हा पोटाखाली नाहीसा होतो.

आता उडण्याविषयी. पक्षी किंवा वटवाघूळ पंख मारून हवेत वर चढते; बेडकाला ते जमत नाही. तो उंचावरून उडी घेतो, चारही पायांचे पडदे पसरतो आणि तिरका तरंगत खाली येतो. या जातीने अशा रीतीने ९ ते १२ मीटर अंतर कापल्याच्या नोंदी आहेत. मी पाहिलेल्या दोन उड्यांपैकी पहिली इतकी अचानक झाली की फांदी हलली एवढेच कळले. दुसऱ्या वेळी मात्र बेडूक विजेरीच्या झोतातून आडवा गेला, मध्येच किंचित वळला आणि मी जिथे नजर लावून बसलो होतो त्याच्या डावीकडच्या झुडपावर उतरला. ते वळणे माझ्या आजही डोळ्यांसमोर आहे. उडत्या बेडकांवर वाऱ्याच्या बोगद्यात, म्हणजे यंत्राने वारा सोडलेल्या बंदिस्त मार्गात, झालेले प्रयोग १९९० साली प्रसिद्ध झाले. त्यांतही असेच दिसले, की पसरलेले पडदे आणि वाकवलेले पाय यांमुळे बेडकाला अंतरापेक्षा वळण्याचा फायदा अधिक होतो.

‘एवढ्या वर्षांत दोनदाच?’ असे कोणी विचारले, की मी निसर्गशास्त्रज्ञ आल्फ्रेड रसेल वॉलेस यांची आठवण करून देतो. १८५५ साली बोर्निओतल्या सारावाकमध्ये एका चिनी कामगाराने त्यांना एक मोठा बेडूक आणून दिला आणि तो उंच झाडावरून उडाल्यासारखा तिरका खाली आला असे सांगितले. वॉलेस यांनी मोजमाप घेतले: शरीर सुमारे चार इंच, आणि चारही पायांच्या पडद्यांचे क्षेत्रफळ मिळून सुमारे बारा चौरस इंच. त्या जातीला शास्त्रीय नाव मिळायला १८९५ साल उजाडले. आज जगभर तो ‘वॉलेसचा उडता बेडूक’ म्हणून ओळखला जातो; पण त्याचे ते तरंगत उतरणे पाहिले होते त्या कामगाराने, वॉलेस यांनी नव्हे.

माझ्या मते ‘उडता’ या शब्दाने आपले लक्ष चुकीच्या दिशेला जाते. या बेडकाची खरी अडचण वर जाण्याची नाही, खाली येण्याची आहे. वर्षाचा बराच काळ तो झाडांवर काढतो, पण पिल्लांना पाणी लागते, त्यामुळे पाऊस सुरू झाला की डबक्यावर झुकलेल्या फांद्यांपर्यंत उतरावेच लागते. याच कुळातल्या, आंबोलीच्याच नावाने २००९ साली नोंदल्या गेलेल्या चिमुकल्या झुडपी बेडकाने ही कटकटच ठेवलेली नाही: त्याच्या अंड्यांतून थेट इवले बेडूक बाहेर पडतात.

आमचा उडता बेडूक मात्र फेसाचे घरटे करतो. नराला पाठीवर घेऊन मादी पाण्यावरच्या पानांशी येते, अंगातून स्रवणारा द्रव मागच्या पायांनी घुसळते आणि त्याचा पांढरा फेस होतो. अंडी त्या फेसात राहतात. बाहेरचा थर वाळतो, आतला ओलावा टिकतो. काही दिवसांनी पावसाने फेस सैल झाला, की भैकेर, म्हणजे लहानपणी आपण ज्यांना बेडूकमासे म्हणत असू ते, खालच्या पाण्यात पडतात.

एका गोष्टीचा मात्र मला राग येतो. छायाचित्रासाठी बेडूक हातात घेऊन हवेत सोडणारे लोक मी पाहिले आहेत; त्यांच्या हाताला डास पळवणारे मलम लागलेले असते आणि बेडकाची कातडी अंगाला लागलेले बरेच काही शोषून घेते. ‘जरा उडवून दाखवा ना’ अशी विनंती मलाही होते. मी नकार देतो, आणि काही जण नाराज होऊन परततात.

ज्या घरी मी उतरतो त्याच्या मागे सिमेंटची टाकी आहे आणि तिच्यावर पेरूची फांदी आली आहे. पहिल्या वर्षी त्या फांदीवरचा फेस पाहून घरच्या काकूंना वाटले, की कोणीतरी साबणाचे पाणी उडवले. त्या काठीने तो काढायला निघाल्या होत्या. आता त्याच मला फोन करून ‘लागला हो फेस’ असे कळवतात. पाहुण्यांना मी आधी त्या टाकीपाशी नेतो. टाकी घासायची असेल तर ती मे महिन्यातच घासून घ्यायची, असे आमचे ठरले आहे.