विसरलेल्या ग्रंथांच्या विटा

आज रात्री मला मनोऱ्याची भिंत उमगली. गेली दोन वर्षे ज्या काल्पनिक जगाची वही मी लिहीत आहे, त्यातल्या नद्या, ऋतू, राज्यांच्या सीमा आणि माणसांच्या बोली बऱ्याचशा ठरून गेल्या आहेत. पण त्या जगाच्या मधोमध उभा असलेला ज्ञानाचा मनोरा मला आजवर परकाच वाटत होता. पहिल्या आराखड्यात मी त्याला सर्वज्ञ केले होते. कोणीही यावे, उंबरठ्यावर उभे राहून प्रश्न विचारावा आणि समोरच्या भिंतीवर सोनेरी अक्षरांत उत्तर उमटावे, अशी ती योजना होती. लिहिताना ती मोहक वाटली, पण त्या मनोऱ्यात एका विद्यार्थिनीला नेऊन बसवले, तेव्हा तिला करण्यासारखे काहीच उरले नाही. उत्तर असे विनासायास मिळू लागले की गुरू, वाद, चूक आणि चुकीची दुरुस्ती यांपैकी कशालाच जागा राहत नाही, आणि मला तर ज्ञान म्हणजे हेच सारे वाटते.

म्हणून गेले काही दिवस मी जादू बाजूला ठेवून खऱ्या ग्रंथालयांचे वाचन करत होते. अलेक्झांड्रियाच्या बंदरात आलेल्या जहाजांवरची पुस्तके ताब्यात घेऊन त्यांच्या नकला केल्या जात आणि मूळ प्रती ग्रंथालयात ठेवून मालकाला नक्कल परत दिली जाई, असे गेलेन या वैद्याने लिहून ठेवले आहे. ह्युएनत्संग नालंदेला शिकला आणि इसवी सन ६४५ मध्ये ६५७ ग्रंथ घेऊन चीनला परतला, हे शाळेपासून ठाऊक होते. सिंधू नदी ओलांडताना नाव हेलकावली आणि त्याच्या काही पोथ्या वाहून गेल्या, हे मात्र मी आत्ताच नीट वाचले. पुढे कित्येक वर्षांनी त्याने हरवलेल्या ग्रंथांची यादी करून ती पत्राने भारतात पाठवली. सोबत आणलेले शेकडो ग्रंथ हाताशी असताना, गेलेल्या मोजक्या पोथ्यांची नावे इतकी वर्षे जपून ठेवणारे ते मन माझ्या डोळ्यांसमोरून हलत नाही.

ताडपत्र फार टिकत नाही. लोखंडी लेखणीने पानावर अक्षरे कोरायची, त्यांत काजळी भरून पान पुसायचे, म्हणजे चऱ्यांमध्ये राहिलेली काळी अक्षरे तेवढी दिसू लागतात; मग भोकांतून दोरा ओवायचा, फळ्यांमध्ये दाबून बासनात बांधायचे. एवढे करूनही दमट हवा आणि कसर यांच्यापुढे पोथी हरते, आणि ती जीर्ण होण्याआधी कोणीतरी नवी नक्कल करावी लागते. जुने लेखनिक पोथीच्या शेवटी लिहून ठेवत की पाठ, कंबर आणि मान मोडून, दृष्टी ताठ करून, खाली मान घालून कष्टाने हा ग्रंथ लिहिला आहे, तरी तो जपावा. ज्ञानेश्वरीचेही तसेच. नकला होता होता तिच्यात पाठभेद शिरले आणि एकनाथांनी शके १५०६ मध्ये प्रती ताडून ती शुद्ध केली. म्हणजे ग्रंथ टिकतो तो कोणीतरी पिढ्यान्‌पिढ्या त्याच्याकडे परत येत राहते म्हणून. मग ज्यांच्याकडे कोणीच परत येत नाही, त्यांचे काय होते?

हा प्रश्न वहीत लिहिला आणि त्याच ओळीखाली उत्तर आले. माझ्या जगात ज्या ग्रंथाचे बासन शंभर वर्षे कोणी सोडत नाही, त्याची वीट होते आणि ती आपोआप भिंतीत जाऊन बसते. मनोरा कोणी बांधलेला नाही. तो विस्मरणाने वाढत आला आहे. दूरदूरचे यात्रेकरू त्याची उंची पाहून हात जोडतात, आणि आतले लेखनिक मात्र प्रत्येक नवा मजला चढताना गप्प होतात.

याची उलट बाजूही लगेच सुचली, आणि गोष्टीचा खरा जीव मला तिच्यातच दिसतो. विटेवर तळहात ठेवून तिच्यातला मजकूर कोणी म्हणू शकले, तर विटेची पुन्हा पोथी होते, पण भिंतीत तेवढी पोकळी पडते. सगळे आठवले तर मनोरा कोसळेल. म्हणून तेथील अधिकाऱ्यांनी भिंतीला हात लावण्यास मनाई केली आहे. त्यांना खलनायक करण्याचा मोह मी कटाक्षाने टाळणार आहे, कारण आज वाचले जाणारे हजारो ग्रंथ ज्या फडताळांवर आहेत, ती फडताळे त्याच भिंतींना धरून उभी आहेत, आणि त्यांची भीती खोटी नाही. तरीही माझे मन त्यांच्या बाजूने नाही.

नकला करणारी ती मुलगी आता मला स्पष्ट दिसते. तिच्या आजीची भाषा बोलणारे कोणी उरलेले नाही, आणि त्या भाषेचा एकमेव शब्दकोश चौथ्या मजल्यावर, खिडकीच्या डाव्या अंगाला, वीट होऊन बसला आहे. आजीच्या अंगाई गीतांतून तिला त्यातले शब्द माहीत आहेत, सगळे नाहीत. आज मी तिला तेथे नेले. तिने तळहात टेकला आणि पहिला शब्द म्हटला. वीट थंडच राहिली. दुसरा म्हटला, तिसरा म्हटला. सातव्या शब्दाला विटेच्या कडेची माती सुटून खाली सांडली. तिने हात काढून पाहिला, तर बोटांना काजळी लागली होती, आणि भिंतीतल्या केसाएवढ्या फटीतून आलेल्या वाऱ्याने शेजारच्या फडताळावरच्या उघड्या पोथीचे वरचे पान हलत होते.

आठवा शब्द कोणता असावा, हे मला अजून ठरवायचे आहे.