ध्यानात पेंग येते तेव्हा

इगतपुरीच्या दहा दिवसांच्या विपश्यना शिबिरात पहाटे साडेचार ते साडेसहाच्या बैठकीत माना कलंडताना दिसतात. चारला उठायची सवय नसते, हे खरं. पण रात्रभर नीट झोपलेला माणूसही पेंगतो, कारण श्वास सूक्ष्म होत जातो, मन निवतं आणि वीर्य, म्हणजे साधनेतला उत्साह आणि प्रयत्न, मात्र तेवढं वाढलेलं नसतं. समाधी, म्हणजे चित्ताची एकाग्रता, पुढे आणि वीर्य मागे राहिलं की थीनमिद्ध, म्हणजे सुस्ती आणि पेंग, आलंच. ध्यानातल्या पाच नीवरणांपैकी, म्हणजे अडथळ्यांपैकी, हे सर्वांत फसवं, कारण साधकाला तीच शांती वाटते. ओळखायची खूण सोपी आहे: आत्ताचा श्वास आत येतोय की बाहेर जातोय, हे लगेच सांगता आलं नाही तर ती शांती नव्हे.

आनापानात, म्हणजे येणारा-जाणारा श्वास नुसता पाहण्याच्या साधनेत, यावर पहिला उपाय म्हणजे चार-सहा श्वास मुद्दाम थोडे जोराने घ्यायचे. नाकाखाली, वरच्या ओठावर स्पर्श स्पष्ट झाला की पुन्हा नैसर्गिक श्वास. जोराचा श्वास चालूच ठेवला तर तो प्राणायाम होतो, आणि तिथेच बरेच जण चुकतात.

एवढ्याने भागलं नाही तर अंगुत्तर निकायात, म्हणजे बुद्धांच्या उपदेशांच्या एका पाली संग्रहात, उपायांचा पूर्ण क्रम आहे. मगधातल्या कल्लवाळपुत्त गावी बुद्धांचे शिष्य महामोग्गल्लान पेंगत बसले होते, तेव्हा बुद्धांनी तो सांगितला. ज्या संज्ञेत, म्हणजे मनातल्या ज्या जाणिवेत, असताना पेंग आली ती सोडा. ऐकलेल्या धर्मावर, म्हणजे शिकवणीवर, चिंतन करा. नाहीतर तो सविस्तर म्हणा. दोन्ही कान ओढा, हातपाय चोळा. उठा, डोळ्यांना पाणी लावा, दिशा आणि तारे पाहा. मनात उजेडाची संज्ञा आणा, रात्रही दिवसासारखी. मग चंक्रमण करा, म्हणजे सजगपणे येरझाऱ्या घाला, इंद्रियं आत वळवून. आणि एवढं करूनही झोप हटली नाही, तरच उजव्या कुशीवर, पायावर पाय ठेवून, उठायची वेळ मनाशी ठरवून आडवं व्हा. जाग येताच उठा. आपण बहुतेक वेळा सुरुवातच या शेवटच्या उपायापासून करतो, तीही वेळ न ठरवता!

याच सुत्तात, म्हणजे उपदेशात, पुढे मोग्गल्लान विचारतात, तृष्णेचा क्षय होऊन भिक्षू मुक्त कसा होतो? उत्तराचा गाभा असा: कोणताही धर्म, म्हणजे इथे कोणतीही गोष्ट, चिकटून राहण्याजोगी नाही; सुखद, दुःखद वा दोन्ही नसलेली, जी वेदना, म्हणजे संवेदना, जाणवेल तिच्यात अनित्यता पाहत राहा. पेंगेआधी पापण्यांवर उतरणारं गोड जडपण हीसुद्धा वेदनाच. ते पहिल्यांदा जाणवेल तेव्हाच पाहायला लागावं. मान खाली गेल्यावर पाहणारं कोणी उरत नाही.