तुम्ही विचारलंत म्हणून: माझी पद्मिनी ८० च्या पुढे का जात नाही

बस सिम्युलेटर इंडोनेशिया, म्हणजे आपल्याकडची पोरं ज्याला 'बसिड' म्हणतात त्या मोबाइल गेमसाठी मी मुंबईची काळी-पिवळी टॅक्सी बनवली आहे. प्रीमियर पद्मिनी. ती मॉड म्हणून, म्हणजे खेळणाऱ्यांनीच बनवून गेममध्ये घातलेली भर म्हणून, उतरवून घेणारे बहुतेक जण मला एकच गोष्ट विचारतात: "ताई, गाडी एकदम ओरिजिनल वाटते, पण ८० च्या पुढे पळत का नाही? स्पीड वाढवून द्या ना." इतरांच्या थार आणि फॉर्च्युनर २०० ला जातात, हेही सोबत सांगतात.

स्पीड वाढवणं दोन मिनिटांचं काम आहे. एक आकडा बदलायचा आणि फाइल पुन्हा बांधायची. तरी मी ते करत नाही.

मॉडिंग मी शिकले ते जीटीए सॅन अँड्रियासवर. २०१३ च्या डिसेंबरमध्ये तो गेम फोनवर आला. त्यात 'कॅबी' नावाची जुन्या घाटाची एक गोलसर टॅक्सी आहे, तिच्या जागी आपली फियाट बसवायची एवढाच तेव्हा हट्ट होता. (मुंबईत पद्मिनीला कोणी पद्मिनी म्हणायचं नाही, फियाटच.) त्या खटपटीत हँडलिंगची फाइल पहिल्यांदा उघडली. एका गाडीला एक ओळ, आणि त्या ओळीत तीसेक आकडे. वजन किती, गुरुत्वमध्य कुठे, टायरची पकड किती, गिअर किती, पुढची चाकं ओढतात की मागची, ब्रेक किती जोरात लागतो, स्प्रिंग किती कडक. गाडी पाण्यात किती टक्के बुडल्यावर तरंगेल यालासुद्धा एक आकडा आहे. पावसात तुंबणाऱ्या हिंदमाताच्या पाण्यात टॅक्सी ढकललेल्या घरातली मुलगी मी, तो आकडा बघून बराच वेळ तशीच बसून राहिले होते. गाडीचा स्वभाव असा लिहून काढता येतो, हे मला तोवर माहीतच नव्हतं.

पण तिथे अडलं ते स्टिअरिंगपाशी. गेम अमेरिकेत घडतो, त्यामुळे ड्रायव्हर डावीकडे आणि वाहतूक उजवीकडून. बाबा डावीकडे बसून टॅक्सी चालवताहेत, हे डोळ्यांना पटेना. इंडोनेशियात मात्र आपल्यासारखंच आहे, वाहतूक डावीकडून आणि स्टिअरिंग उजवीकडे. बसिडमध्ये स्वतःची गाडी घालता येते हे कळल्यावर मी सॅन अँड्रियास सोडलं ते कायमचं.

बाबांबद्दल सांगायला हवं. १९८२ च्या संपानंतर त्यांची गिरणी पुन्हा धड सुरू झालीच नाही. त्यांनी टॅक्सीचा बॅज, म्हणजे टॅक्सी चालवायच्या परवान्याचा बिल्ला, काढला. आधी काही वर्षं दुसऱ्याची गाडी शिफ्टवर चालवली, मग १९९४ ची स्वतःची घेतली. २० वर्षांची वयोमर्यादा आली तेव्हा २०१४ मध्ये ती भंगारात गेली. घरात उरल्या त्या तीन गोष्टी: बॅज, मीटरचा आकडा बघून भाडं सांगायचं कार्ड, आणि आमच्या सहलीचे चार फोटो. चारही फोटोंत गाडीच्या पुढे आम्ही उभे, त्यामुळे गाडी अर्धीच दिसते.

अर्ध्या दिसणाऱ्या गाडीवरून पूर्ण गाडी बनवायची होती. पुढच्या आणि मागच्या चाकांमधलं अंतर, म्हणजे व्हीलबेस, २३४० मिलिमीटर. तो आकडा पक्का मिळाला आणि ब्लेंडर या थ्रीडी मॉडेल बनवायच्या सॉफ्टवेअरमध्ये बाकीचं सगळं त्याच्या मापाने उभं केलं. पुढच्या दाराची छोटी तिकोनी काच, मागच्या बाजूला वर निघालेले पंख आणि त्यांत उभे बसवलेले लाल दिवे, टपावरचं कॅरिअर, बाहेर डावीकडे बसवलेलं लोखंडी मीटर. बाबा वितीने मापं सांगायचे. "मीटर एवढं," म्हणून हवेत हात धरायचे आणि मी त्या दोन हातांमध्ये फूटपट्टी धरायची.

गेममधली प्रत्येक वस्तू छोट्या त्रिकोणांनी बनते, आणि पहिल्या मॉडेलमध्ये दीड लाखाच्या वर त्रिकोण झाले. फोनवर गाडी आली की चित्र अडखळायचं. मग कापाकापी. कॅरिअरच्या गोल सळया षट्कोनी केल्या, इंजिन काढून टाकलं, गाडीवर चिकटवायच्या रंगाची आठ वेगवेगळी चित्रं, म्हणजे टेक्स्चर, होती ती एकाच चौकोनात बसवली, कारण प्रत्येक वेगळ्या मटेरिअलसाठी फोनला वेगळं चित्र काढायला लागतं. काळ्या रंगाने सगळ्यात जास्त छळलं. संपूर्ण काळा दिला की दार कुठे संपतं आणि मडगार्ड कुठे सुरू होतं ते स्क्रीनवर कळत नाही, नुसता डाग दिसतो. शेवटी गडद करडा घेतला आणि त्यावर आकाशाची फिकट चमक दिली. टपाचा पिवळा तर उन्हाने विटलेलाच हवा. नव्या डब्यातला पिवळा दिला होता तेव्हा बाबा म्हणाले, "ही शोरूमची आहे, आपली नाही."

रूप जमलं, पण चाल जमेना. युनिटीत, म्हणजे गेम बनवायच्या सॉफ्टवेअरमध्ये, प्रत्येक चाकाला स्प्रिंगचा जोर आणि डॅम्पर (हिसका शोषणारा भाग) वेगळा देता येतो. मी चारही चाकांना सारखा दिला होता. बाबांनी फोन हातात घेतला, एका वळणावर गाडी घातली आणि लगेच परत दिला. "अगं, मागे पाटे आहेत हिला. आणि डिकीत सीएनजीची टाकी. मागून बसलेली पाहिजे." पाटे म्हणजे लोखंडी पट्ट्या एकावर एक ठेवून केलेली स्प्रिंग. आणि खरंच, टाकी आली तेव्हापासून डिकीत सामानाला जागाच नसायची, बॅगा टपावर चढायच्या. मी मागचे स्प्रिंग मऊ केले, गाडी मागे दोन सेंटिमीटर बसवली, कॅरिअरवरच्या सामानासाठी गुरुत्वमध्य वर उचलला. आता ब्रेक लावला की नाक खाली जातं आणि वळताना टप बाहेरच्या बाजूला कलतो. तीन आठवडे फक्त एवढ्यावर गेले. माझ्या सगळ्या कामात मला तेच जास्त प्रिय आहे.

स्पीडचं उत्तर इथेच आहे. हे आकडे एकमेकांना धरून असतात. साधारण नऊशे किलोची गाडी, १०८९ सीसीचं इंजिन, मऊ पाटे, वर उचललेला गुरुत्वमध्य. त्यावर १८० चा वेग लादला की पहिल्याच वळणाला गाडी आडवी होते. ती आडवी होऊ नये म्हणून गुरुत्वमध्य जमिनीत गाडावा लागतो आणि स्प्रिंग दगडासारखे कडक करावे लागतात. मग वरून पद्मिनी दिसते आणि चालते मात्र भलतंच काहीतरी. एकाने माझी फाइल उचलून नेमकं हेच केलं आणि स्वतःच्या नावाने पसरवली. नाव खोडल्याचं दुःख झालंच. पण ती गाडी ताठ, न डुलता वळण घेताना पाहिली तेव्हा जास्त दुखलं.

आणि दुसरं कारण. बाबांनी काटा ८० च्या वर नेलेला मला आठवत नाही. लालबागहून विमानतळावर पहाटे भाडं घेऊन जाताना रस्ता रिकामा असायचा, तरी नाही. गाडीला झेपलं असतं. पण दुसऱ्या दिवशीचा धंदा त्याच गाडीवर होता. गॅरेजमध्ये गेलेला एक दिवस म्हणजे आमच्या घरात काय, हे त्यांच्या उजव्या पायाला ठाऊक होतं. गेममधली थार कोणाची नसते, म्हणून ती २०० ला पळाली तरी काही बिघडत नाही. ही गाडी एका माणसाची आहे आणि तो माणूस अजून पलंगावर बसून ती तपासतो.

काही जण विचारतात की मग एवढ्या जुन्या गाडीवर वेळ कशाला. ही गाडी कुर्ल्याला बनायची, वालचंद हिराचंद यांनी उभ्या केलेल्या प्रीमियर ऑटोमोबाइल्सच्या कारखान्यात. टॅक्सी म्हणून शेवटची पद्मिनी ताडदेवच्या आरटीओत २००३ च्या ऑक्टोबरमध्ये नोंदली गेली आणि २० वर्षं भरल्यावर २०२३ च्या ऑक्टोबरअखेर रस्त्यावरून उतरली. ती बातमी आली त्या रात्री मी अर्धवट पडलेलं मॉडेल पुन्हा उघडलं. आज ज्या मुलांचं वय दहा-बारा आहे, त्यांना तिच्या मागच्या सीटवर बसल्यावर स्प्रिंग कशी खाली जाते हे कळायला दुसरी जागा नाही. म्हणून मला ती चाल नीट हवी आहे.

तेव्हा ८० राहणार. फाइलला मी कुलूप लावलेलं नाही. ज्यांना रंग, नंबरप्लेट, आतल्या टपाचं फुलाफुलांचं कापड बदलायचं आहे त्यांनी खुशाल बदलावं, आणि मला जरूर दाखवावं.

गेल्या रविवारी बाबांनी गेममधल्या जावा बेटाच्या किनाऱ्यालगतच्या रस्त्यावर ती अर्धा तास चालवली. डाव्या बाजूने, हळूहळू, मागच्या बसना हाताने पुढे काढल्यासारखं करत. फोन परत देताना म्हणाले, मागच्या काचेखालच्या फळीवर पिवळं फडकं राहिलंय. गाडी पुसायचं, घडी घातलेलं. आता ते किती त्रिकोणांत बसतंय ते बघते आहे.