कूपर नदीकाठच्या भातमळ्यांचे अवशेष
दक्षिण कॅरोलायनातील कूपर नदीच्या परिसरात भरती-ओहोटीच्या पाण्यावर भात पिकवणाऱ्या जुन्या मळ्यांचे बांध आणि चर आजही ओळखू येतात. आपल्या कोकणातील खारबंदिस्तीला उघाडी असते, तशी या बांधांनाही लाकडी दारे असत; त्यांतून भरतीने मागे रेटलेले नदीचे गोडे पाणी खाचरांत घेतले जाई आणि ओहोटीला बाहेर सोडले जाई. दलदलीतील जंगल तोडून हे सारे गुलामगिरीत जखडलेल्या आफ्रिकी स्त्री-पुरुषांनी उभारले.

मला त्यांच्या घरांचे अवशेष अधिक महत्त्वाचे वाटतात. एका कालव्याच्या कामापूर्वी, १९७९ मध्ये, यॉहन आणि करिबू या मळ्यांवर झालेल्या उत्खननात भिंतींसाठी खणलेले चर सापडले आणि १८ व्या शतकातील ही घरे मातीच्या भिंतींची, पश्चिम आफ्रिकेतील बांधणीशी नाते सांगणारी असावीत, असा निष्कर्ष निघाला. सोबत चाकाविना घडवलेल्या मडक्यांची खापरे विपुल मिळाली. अशी भांडी पूर्वी केवळ मूळ अमेरिकी रहिवाशांची मानली जात. त्यांतील बरीच गुलामांनी घडवली असावीत, हे पुरातत्त्वज्ञ लेलँड फर्ग्युसन यांनी ठामपणे मांडले. काही वाडग्यांवर फुली कोरलेली आहे आणि फर्ग्युसन तिचा संबंध मध्य आफ्रिकेच्या पश्चिम भागातील कोंगो लोकांच्या विश्वकल्पनेशी जोडतात; तिच्यात पाणी ही जिवंत आणि मृत यांच्या जगांमधली सीमा मानली जाते. हा तर्क सर्वमान्य नसला तरी मला विचारात घेण्याजोगा वाटतो, कारण असे अनेक वाडगे मळ्यांलगतच्या नद्यांच्या तळाशी सापडले आहेत.