तुम्ही विचारलंत म्हणून: आत्तापर्यंत किती झाडं लावलीत?

हा प्रश्न मला ५ जूनच्या, म्हणजे पर्यावरण दिनाच्या आसपास तर हमखास येतो आणि एरवीही कुठे ना कुठे गाठतोच, कुणीतरी ओळख करून देतं की हे पर्यावरणाचं काम करतात, आणि समोरचा लगेच, अरे वा, मग आत्तापर्यंत किती झाडं लावलीत? पूर्वी मी काहीतरी आकडा फेकायचो. आता खरं सांगतो. साधारण दोनशे लावली, त्यातली अकरा जगली, आणि ती अकरासुद्धा तिथे नको होती.

यावर लोकांना पुढे काय बोलावं कळत नाही, म्हणून एकदा लिहूनच टाकतो.

झालं असं की सुरुवातीला आम्ही सात-आठ जण होतो, उत्साह दांडगा, जवळच एक मोकळा माळ होता आणि आम्हाला वाटलं काय हे, नुसतं ओसाड पडलंय. पाऊस सुरू व्हायच्या आधी खड्डे घेतले, रोपं आणली, फोटो काढले, ग्रुपला 'हरित'ने सुरू होणारं नाव दिलं (पूर्ण नाव सांगत नाही, लाज वाटते). पुढच्या उन्हाळ्यात पाणी घालायला मी आणि अजून एक जण एवढेच उरलो. पण रोपं मेली हे मोठं दुःख नाही. तो माळ ओसाड नव्हताच मुळी. तिथे गवत होतं, आणि जिथे आम्ही खड्डे घेतले तिथेच टिटवी उघड्यावर अंडी घालायची, अगदी खड्यांसारखी दिसणारी, आणि चंडोल गवताच्या बुडाशी घरटं करायचे. या पक्ष्यांना झाड नकोच असतं, झाड आलं की त्यावर शिकारी पक्षी बसायला जागा मिळते आणि त्याला वरून सगळं दिसतं. शिवाय गवताचा अर्ध्याहून जास्त जीव जमिनीखाली असतो, मुळांमध्ये, कार्बनही तिथेच साठतो, वरचं जळून गेलं तरी खालचं बरंचसं राहतं. हे सगळं आम्हाला कधी कळलं, तर खड्डे घेऊन झाल्यावर.

आणि हे फक्त आमच्यासारख्या हौशी लोकांचंच होतं असं नाही हां. तुर्कस्तानात ११ नोव्हेंबर २०१९ ला एका दिवसात १ कोटी १० लाख रोपं लावली, त्यात एका ठिकाणी तासाभरात तीन लाखांच्या वर लावून विक्रमही झाला. दोन-तीन महिन्यांनी तिथल्या वनकर्मचाऱ्यांच्या युनियनने काही ठिकाणी जाऊन बघितलं आणि सांगितलं की पाहिलेल्यांपैकी ९० टक्क्यांपर्यंत रोपं मेलीत, लावायची वेळ चुकली, पाऊस नव्हता. सरकार म्हणालं असं काही नाही, बहुतेक जगलीत. ते काय असेल ते असो, विक्रमाची बातमी सगळीकडे झाली, मेल्याची किती जणांनी वाचली?

याच्या उलट मला नायजरची गोष्ट फार आवडते (आफ्रिकेतला नायजर, नायजेरिया नव्हे). टोनी रिनाउडो नावाचा ऑस्ट्रेलियन माणूस तिथे रोपं लावून लावून थकला होता, बहुतेक मरायची. १९८३ च्या सुमाराला त्याच्या लक्षात आलं की रेताड शेतांमध्ये जी झुडपं दिसतायत ती झुडपं नाहीतच, तोडलेल्या झाडांचे खुंट आहेत, खाली मुळं जिवंत आहेत, दरवर्षी फुटवे येतात आणि दरवर्षी लोक ते कापून टाकतात. मग करायचं एवढंच, चार-दोन जोमदार फुटवे ठेवायचे, बाकीचे छाटायचे, आणि ठेवलेले राखायचे. शेतकऱ्यांनी साधारण वीस वर्षांत ५० लाख हेक्टरवर हे केलं, २० कोटींच्या आसपास झाडं उभी राहिली असा अंदाज आहे. एकही खड्डा नाही! पण याच्यात एक मेख होती, आधी कायद्याने झाडं सरकारची होती, शेतकऱ्याच्या शेतातलीसुद्धा, मग तो कशाला राखेल? ते सैल झालं तेव्हा हे पसरलं. मला विचाराल तर खरं काम इथे झालं, झाड कुणाचं हे ठरलं तिथे.

आमचं सध्याचं काम विचाराल तर उपटणं. घाणेरी, तीच ती रंगीत फुलांच्या गुच्छांची, मूळची मध्य-दक्षिण अमेरिकेतली, शोभेसाठी आणली आणि जंगलभर झाली. पहिल्या वर्षी आम्ही कोयत्याने वरून छाटली, पावसाळ्यानंतर बघतो तर दुप्पट दाट. नंतर शिकलो की जमिनीच्या खाली तीन-चार बोटं, जिथून फुटवे निघतात त्याच्याही खाली मूळ तोडायचं आणि अख्खं झुडूप उलटं करून ठेवायचं, मुळं वर, म्हणजे परत मातीत रुजत नाही. आणि मग पुढची दोन-तीन वर्षं परत परत यायचं, कारण बुलबुल तिची फळं खातात आणि ज्या झाडावर बसतात त्याच्या खाली बिया टाकतात, त्यामुळे नवीन रोपं बरोबर झाडांखाली सापडतात. कंटाळवाणं काम आहे, हात ओरबाडतात, फोटो अजिबात चांगले येत नाहीत.

एका मैत्रिणीने मला यावर बरोबर पकडलं होतं, म्हणाली मग वांगारी माथाईचं काय, ती तर झाडं लावूनच मोठी झाली ना? खरंय. १९७७ पासून केनियात बायकांना बरोबर घेऊन कोट्यवधी झाडं लावली, २००४ मध्ये नोबेल मिळालं. पण हीच बाई १९८९ मध्ये नैरोबीच्या उहुरू पार्कमध्ये ६० मजली इमारत होऊ नये म्हणून या ऑफिसला त्या ऑफिसला पत्रं लिहीत बसली होती, संसदेत तिची टिंगल झाली, तिच्या संस्थेला ऑफिस सोडावं लागलं, आणि शेवटी इमारत झाली नाही. आज त्या पार्कात फिरणाऱ्याला तिथे काय झालं नाही हे कसं दिसणार? चिपको आंदोलनात, उत्तराखंडातल्या रेणी गावाला १९७४ मध्ये गौरा देवी आणि गावातल्या बायका झाडांना बिलगून उभ्या राहिल्या त्यांनी त्या दिवशी एकही झाड लावलं नाही. ओडिशातल्या नियमगिरीच्या डोंगरांत २०१३ मध्ये १२ ग्रामसभा बसल्या आणि बाराच्या बारा सभांनी बॉक्साइटच्या खाणीला नाही म्हटलं, त्याचा आकडा कशात मोजायचा, डोंगरात?

आमच्या पातळीवर असलं काही थोर नाही. वणवा पसरू नये म्हणूनची जाळरेषा वेळेत मारली की नाही, ओढ्यात राडारोडा टाकणारा ट्रक कुठून येतो, एखाद्या प्रकल्पावर हरकत नोंदवायची शेवटची तारीख कधी, असलीच कामं. त्या हरकतींची फाईल माझ्याकडे आहे, चांगली जाडजूड, ती दाखवली की पाहुणे चहा लवकर संपवतात.

परवा परत फोन आला, वृक्षारोपण आहे, तुमच्या हस्ते एक रोप लावायचंय. मी विचारलं जागा कुठली, तर तोच माळ. म्हटलं मार्चमध्ये पाणी कोण घालणार, तर म्हणे ते बघू पुढे. शेवटी मीच त्यांना आमंत्रण दिलं, रविवारी सकाळी सातला घाणेरी काढायला या, पूर्ण बाह्यांचा शर्ट घाला आणि कुदळ असेल तर आणा, आमच्याकडे दोनच आहेत. कळवतो म्हणाले.