तुम्ही विचारलंत म्हणून: कॅमेरा झेपतो का?

मी सिनेमाची कॅमेरावुमन. जळगावकडे शूटिंग असलं की जेवणाच्या सुट्टीत कुणीतरी विचारतंच, ‘इतला जड कॅमेरा तुले झेपस का वं?’ मुंबईत हेच जरा गोड करून विचारतात.

झेपतो. हल्लीची छोटी बॉडी अडीच-तीन किलोची. लेन्स, मॅटबॉक्स, बॅटरी, मॉनिटर चढले की खांद्यावर १०-१२ किलो. रावेरला केळीचा घड याच्या दुप्पट भरतो, तो वाहणाऱ्याला कुणी विचारत नाही. तमिळ सिनेमातल्या बी. आर. विजयालक्ष्मी १९८५ मध्ये कॅमेरावुमन झाल्या तेव्हाचे कॅमेरे तर याहून जड. वजनाचं एवढंच.

झेपलं नाही ते वेगळंच. मे महिना, भुसावळजवळचं शेत, पारा ४४च्या वर, म्हातारीच्या अंगावर काळी पॉलिस्टरची साडी. भर उन्हात आयएसओ (सेन्सरची संवेदनशीलता) ८००, सेकंदाला २४ फ्रेम, १८० अंशांचं शटर; अ‍ॅपर्चर, म्हणजे लेन्सचं भोक, ५.६ हवं तर सात स्टॉप, म्हणजे सात वेळा निम्मा करत, प्रकाश कापावा लागतो. म्हणून १.२ (चार स्टॉप) आणि ०.९ (तीन स्टॉप) असे दोन एनडी, म्हणजे प्रकाश कमी करणारे करडे फिल्टर, लेन्सपुढे लावले. हिशेब चोख होता. पण एनडी साधे होते. ते दिसणारा प्रकाश कापतात, डोळ्यांना न दिसणारा इन्फ्रारेड बराचसा तसाच आत सोडतात. दिसणारा प्रकाश सव्वाशे पटींनी घटला की सेन्सरवर इन्फ्रारेडचं पारडं जड होतं. त्यात पॉलिस्टरचा काळा रंग इन्फ्रारेड गिळत नाही, परत फेकतो. साडी काळ्या गुळासारखी तांबूस आली. शेजारची सुती छत्री मात्र काळीच.

व्हाइट बॅलन्सने हे जात नाही, तो सगळ्या चित्राचाच रंग बदलतो. साडी सुधारावी तर चेहरा हिरवा पडतो. कलरिस्टला, म्हणजे शूटिंगनंतर रंग नीट करणाऱ्याला, एकेका शॉटमध्ये फक्त साडीचा भाग निवडून तेवढाच रंग सुधारावा लागला. पदर हलला की कडा फुटायच्या.

‘बाईच्या हाती कॅमेरा दिला की हे असं,’ हे तेव्हा ऐकलं. पुरुषाच्या हातून झालं असतं तर ती फिल्टरची चूक ठरली असती, असं मी सगळ्यांना सुनावत होते. आजही मला ते खरंच वाटतं. पण त्याच्याआड मी लपलेसुद्धा. उन्हात मॉनिटरवरचं चित्र फिकं पडतं, रंग कळत नाही; डोक्यावर काळं कापड घेऊनच बघायचं असतं. उकाड्यापायी ते टाळलं. आणि भाड्याच्या सामानाच्या यादीत नुसतं ‘एनडी’ लिहिलं होतं, इन्फ्रारेडही कापणारे हवेत हे सांगणारं ‘आयआर’ राहिलं. अक्षर माझंच.

आता पिशवीत सुती, नायलॉन, जॉर्जेट, पॉलिस्टर अशा काळ्या चिंध्या असतात. लोकेशनवर आधी त्या उन्हात टाकून दोन टेक घ्यायचे: एक एनडी लावून, एक एनडी काढून, अ‍ॅपर्चर-शटर आवळून. रंग हलला तर फिल्टर बदलायचा, नाहीतर साडी. कपडेपटवाले वैतागतात. ‘ताई, मागच्या पिक्चरचे साहेब असलं काही करत नव्हते.’ त्या साहेबांच्या साड्या पडद्यावर काळ्याच दिसल्या का, ते एकदा बघायचंय मला.