९२०६ची वही : सिंबल अखेर सुटे झाले

सिंबल सुटे झाले! सिंबल म्हणजे ड्रमसेटमधल्या ब्राँझच्या थाळ्या. स्वित्झर्लंडच्या वाद्य-निर्यातीच्या आकड्यांतून नॉटविलचं ब्राँझ, म्हणजे तिथल्या पाइस्टे कंपनीचे सिंबल, वेगळं काढायचा जो खटाटोप गेल्या नोंदीपर्यंत चालला होता, त्याला एकदाचं यश आलं. तेही एकाच बाजारपेठेपुरतं, पण तेवढ्यावरही स्वारी भलतीच खूश आहे.

अडलं कुठे होतं ते तुम्हाला ठाऊकच आहे. ९२०६ हा तालवाद्यांचा आंतरराष्ट्रीय जकात-क्रमांक, आणि त्यात ड्रम, झायलोफोन, सिंबल, मराकास सगळं एकाच ओळीत. संयुक्त राष्ट्रांचा व्यापार-आकड्यांचा साठा, कॉमट्रेड, या क्रमांकाच्या सहा अंकांपुढे जात नाही आणि युरोपीय संघाच्या आठ अंकी यादीत पुढे नुसती शून्यं. त्यामुळे फ्रँक भागिले किलो केलं की हाती येणारा दर म्हणजे सव्वादोन किलोचा राइड सिंबल, बर्नच्या हँगसारखं हाताने वाजवायचं चारेक किलोचं पोलादी वाद्य आणि पोकळ बास ड्रम यांची भेळ. दर चढला तर भाव वाढले म्हणायचं, की त्या महिन्यात ड्रम कमी आणि सिंबल जास्त गेले म्हणायचं? देश छोटा, त्यात एखादी मोठी खेप गेली की अख्खा महिना तिच्याकडे झुकतो.

उत्तर मिळालं पलीकडच्या तीरावर. अमेरिकेची जकातसूची ९२०६ फोडते. ड्रम .२० मध्ये (म्हणजे ९२०६.००.२०), ४.८ टक्के. सिंबल .४० मध्ये, शून्य. घंटांचे संच .६०, तेही शून्य. उरलेलं सगळं .८० मध्ये, ५.३ टक्के. जकात वेगळी म्हणून ओळ वेगळी, आपल्यासारख्या रिकामटेकड्यांच्या सोयीसाठी कुणी हे केलेलं नाही. तेव्हा स्विस निर्यात बाजूला ठेवली आणि अमेरिकेत स्वित्झर्लंडहून काय आलं ते काढलं. अमेरिकेच्या आंतरराष्ट्रीय व्यापार आयोगाचं (यूएसआयटीसी) डेटावेब फुकट आहे, खातं उघडलं की आठ अंकी ओळी देशवार उतरवता येतात. आपल्या छंदाला याहून चांगलं हत्यार नाही, असं माझं ठाम मत. .४० आणि मूळ देश स्वित्झर्लंड, एवढी गाळणी लावली की जे उरतं त्यात पाइस्टेचाच मोठा वाटा असणार. तो स्तंभ पहिल्यांदा भरला तेव्हा उगाचच वरखाली स्क्रोल करत बसलो होतो.

मग नेहमीचं झालं. अमेरिकेच्या चारही ओळींची बेरीज केली, शेजारी स्विस-इम्पेक्सवरची, म्हणजे स्विस जकात खात्याच्या आकडेसाठ्यातली, ‘अमेरिकेला निर्यात’ ठेवली, आणि दोन्हींचा मेळ बसेना.

पहिला संशय नेहमीसारखा भाड्यावर आणि विम्यावर गेला. पण डेटावेबवर ‘कस्टम्स व्हॅल्यू’ निवडली तर आंतरराष्ट्रीय भाडं-विमा त्यात धरलेलाच नसतो, आणि स्विस निर्यातीचं मूल्यही स्विस सीमेपर्यंतचं. म्हणजे त्या बाबतीत दोन्ही बाजू बऱ्यापैकी सारख्या. (कॉमट्रेडवरून अमेरिकेची आयात घेत असाल तर तिथे भाडं-विमा मिळवलेला असतो, तेव्हा जपून.) लिश्टेनश्टाइन स्विस जकात क्षेत्रातच मोडतं, अमेरिका मात्र ते वेगळं मोजते. तेही मिळवून पाहिलं, फरक हलला नाही. डॉलर-फ्रँकचा दर महिन्याच्या सरासरीने लावला, तरी तेच.

खरा गुंता वाटेतल्या गोदामाचा आहे. नॉटविलहून निघालेलं खोकं जर्मनीतल्या वितरकाकडे गेलं आणि तिथून पुढे न्यूयॉर्कला, तर स्विस वहीत ते जर्मनीच्या नावावर. अमेरिका आयात मूळ देशावर लावते, म्हणून तिथे तेच खोकं स्वित्झर्लंडचं. उलटंही होतं. पाइस्टेचे गाँग जर्मनीत रेंड्सबुर्गजवळ बनतात, त्यामुळे शिक्का तोच असला तरी अमेरिकेच्या खात्यात ते जर्मन. ब्रँड म्हणजे देश नव्हे, हे शीटच्या डोक्यावर ठळक लिहून ठेवलंय.

हाच नियम स्वित्झर्लंडच्या आयातीला लावला तर जर्मनीचा स्तंभ पार बिनभरवशाचा ठरतो. चीनमध्ये किंवा तैवानमध्ये बनलेला ड्रमसेट जर्मन दुकानातून झुरिकला गेला, तर जर्मनी म्हणते आमची स्वित्झर्लंडला निर्यात आणि स्वित्झर्लंड म्हणतं आमची चीनहून किंवा तैवानहून आयात. कुणी खोटं बोलत नाही. पण जर्मन आकड्यांवरून ‘स्विस लोक जर्मन ड्रम किती घेतात’ हे काढायला जाल तर फसाल.

आणि हे टाइप करतानाच डोक्यात आलं की हा फरक मिटवायचा कशाला? अमेरिकेने स्विस म्हणून मोजलेलं वजा स्वित्झर्लंडने अमेरिकेला पाठवलं म्हणून मोजलेलं, हीच तर तिसऱ्या देशामार्गे गेलेल्या मालाची ढोबळ खूण. काही माल समुद्रमार्गे जातो म्हणून महिनावार न बघता तिमाही बघायची. तेव्हा जुळवणीचं पान बंद, फरकाचं पान सुरू.

किमतींचं थोडक्यात. ‘१ जानेवारी २०२४ ला स्वित्झर्लंडने औद्योगिक मालावरची जकातच काढली, मग सिंबल स्वस्त का नाही झाले?’ असं दोघातिघांनी विचारलं होतं. कारण तोवरची स्विस जकात किमतीवर नव्हती, वजनावर होती, तीही १०० किलो ढोबळ वजनामागे, खोक्यासकट. महागडा सिंबल आणि त्याच वजनाचा स्वस्तातला सिंबल यांना सारखीच जकात, म्हणजे महागड्याच्या किमतीत ती जेमतेम जाणवायची. त्यात युरोपीय संघात बनलेल्या मालावर ती आधीच माफ होती. त्याच दिवशी व्हॅट ७.७ वरून ८.१ झाला, हे वेगळंच. मला विचाराल तर स्विस किमतींवर खरी खूण १५ जानेवारी २०१५ ची. त्या दिवशी स्विस मध्यवर्ती बँकेने युरोमागे १.२० फ्रँकची तळरेषा सोडून दिली आणि फ्रँक उसळला. डॉलरमधल्या मालिकेत २०१५च्या आसपास काही उड्या दिसल्या तर आधी चलन तपासा, मग नॉटविलला दोष द्या.

दुकानांच्या किमती गोळा करणं मात्र वैतागाचं काम. एका बड्या ऑनलाइन दुकानात देश बदलला की त्याच सिंबलची किंमत बदलते, आणि पाठवणीचा खर्च पैसे भरायच्या पानापर्यंत लपून राहतो. तो स्तंभ सध्या गोठवलाय.

हँगवाल्यांसाठी एक ओळ, कारण दर वेळी विचारणा होते. तालवादक रेटो वेबर यांनी घटम बर्नला नेला आणि त्यातून २००० साली तिथल्या पानआर्ट कार्यशाळेचा हँग घडला, ही गोष्ट मलाही लाडकी आहे. पण २०१३च्या अखेरीस पानआर्टने मूळ हँग बनवणं थांबवलं आणि जुन्या हँगचे चढे भाव हे खासगी सौदे, ते आपल्या ९२०६ मध्ये क्वचितच उतरतात. त्यांची वेगळी वही कुणी घातली तर मी वाचक आहे.

आता नवीन खूळ. ऑगस्ट २०२५ मध्ये अमेरिकेने स्विस मालावर ३९ टक्के जादा शुल्क लावलं, नोव्हेंबरात ते १५ वर आणायचं ठरलं. मुळात शून्य जकातीची .४० ओळ एप्रिलपासून १० टक्के जादा शुल्कावर होती, ती एका रात्रीत ३९ वर. आणि कस्टम्स व्हॅल्यूत शुल्क धरत नाहीत! म्हणजे निर्मात्याने आपला भाव उतरवून भार उचलला असेल तर ते मूल्यात दिसेल, आणि भार अमेरिकन ड्रमरच्या खिशावर गेला असेल तर मूल्य जागचं हलणार नाही. आधी जपानचे आकडे उतरवायचे ठरवले होते, ते आता मागे. स्विस-इम्पेक्सवरचा अमेरिकेचा किलोमागे दर आणि डेटावेबवरचा .४० चा वाटा शेजारी ठेवून २०२४ आणि २०२५ चे महिने भरायला घेतोय. शुल्क लागण्याआधी घाईने माल भरून ठेवलेला असणार, म्हणून जून-जुलै वेगळ्या रंगात.